प्राणवायूचे बिऱ्हाड

मराठीच्या प्राध्यापिकेने प्राणवायूवर लेख लिहावा, हे पाहून काही वाचकांच्या भुवया उंचावतील. दिवाळी अंकात माझ्याकडून एखाद्या संतकवीची किंवा फार तर शाहिरी वाङ्मयाची अपेक्षा असणार. पण २०२२ च्या पावसाळ्यापासून आमच्या पुण्याच्या घरात एक यंत्र बिऱ्हाडकरूसारखे राहत आहे. ते रात्रंदिवस गुरगुरते, दर चार-सहा सेकंदांनी फुस्स करून निःश्वास टाकते आणि आमच्या सासूबाईंना प्राणवायू पुरवते. एवढा सहवास घडल्यावर त्या प्राण्याचे कूळ-मूळ शोधल्याशिवाय राहवेना. शोधता शोधता जे हाती लागले, ते तुमच्याही घरात केव्हातरी उपयोगी पडेल असे वाटले, म्हणून हा प्रपंच.

आधी थोडे भाषेविषयी. ती खोड जायची नाही. आपल्याकडे एखाद्याच्या प्रकृतीची विचारपूस केली आणि उत्तर आले, "ऑक्सिजनवर ठेवलंय," की ऐकणाऱ्याचा चेहरा पडतो. पुढचे कोणी विचारीत नाही. मुंबईच्या मुलाला फोन जातो, गावाकडच्या भावाला कळवले जाते. गंगेच्या पाण्याची लोटी आणि ऑक्सिजनची नळी या दोन्ही वस्तू आपल्या मनात एकाच फळीवर ठेवलेल्या आहेत. सासूबाईंना इस्पितळातून घरी सोडताना डॉक्टरांनी घरी प्राणवायू लावायला सांगितला, तेव्हा त्या माझ्याकडे वळून एवढेच म्हणाल्या, "म्हणजे आता झालंच की गं."

झाले नव्हते. त्यांचे सासर कोकणात. तिथल्या काळोख्या स्वयंपाकघरात चाळीस वर्षे त्यांनी ओल्या लाकडांच्या चुलीपुढे फुंकणी फुंकली. विडीचे थोटूकही कधी हाती न धरलेल्या बायकांची फुप्फुसे या धुराने विडीबाजांसारखी होतात, हे आता सर्वमान्य आहे. अशा जुनाट विकारात ज्यांच्या रक्तातला प्राणवायू सदैव फार कमी असतो, त्यांच्यावर अमेरिकेत आणि ब्रिटनमध्ये दोन मोठे अभ्यास झाले. त्यांचे निष्कर्ष १९८० आणि १९८१ साली प्रसिद्ध झाले. निघाले ते असे : दिवसाचे किमान पंधरा तास प्राणवायू घेणारे रुग्ण न घेणाऱ्यांपेक्षा अधिक वर्षे जगले. त्यातही जवळजवळ अहोरात्र घेणारे फक्त रात्री घेणाऱ्यांपेक्षा अधिक. म्हणजे ही नळी निरोपाची नसून मुक्काम वाढवण्याची होती. डॉक्टरांनी कागदावर लिहून दिले : मिनिटाला दोन लिटर, दिवसाला पंधरा तास. सासूबाईंनी कागद वाचून पाहिला आणि लगेच उलटा हिशेब केला. "मग नऊ तास माझे!"

या नऊ तासांकडे पुढे येईनच. आधी या वायूची जन्मकथा.

स्वीडनचा औषधविक्या शेले याने हा वायू आधी मिळवला. पण त्याचे पुस्तक छापखान्यात अडकले. १ ऑगस्ट १७७४ रोजी इंग्लंडात जोसेफ प्रीस्टली या धर्मोपदेशकाने भिंगातून सूर्यकिरण एकवटून पाऱ्याची तांबडी भुकटी तापवली आणि निघालेल्या वायूत मेणबत्ती धरली. ती भडकून जळू लागली. पुढे त्याने त्यात उंदीर ठेवून पाहिला, मग स्वतःही तो हुंगला. छाती हलकी वाटल्याचे त्याने लिहून ठेवले आहे, आणि पुढेमागे ही श्रीमंतांची चैनीची वस्तू होईल असा अंदाजही केला आहे. फ्रान्सच्या लाव्हाझिएने त्याला ऑक्सिजन हे नाव दिले. त्याचा अर्थ आम्लजनक. सर्व आम्लांत हा वायू असतो अशी त्याची समजूत होती, आणि ती चुकीची ठरली. साऱ्या जगाने ते चुकीचे नाव मात्र जसेच्या तसे उचलले. आपल्या जुन्या मराठी शास्त्रपुस्तकांनी योगशास्त्रातल्या पंचप्राणांतून शब्द घेतला आणि त्याला प्राणवायू म्हटले. अर्थाच्या बाबतीत इथे मराठीची सरशी आहे. माझ्या विषयाचा हा एवढा अभिमान वाचकांनी चालवून घ्यावा. लाव्हाझिएचा पुढे १७९४ साली राज्यक्रांतीत शिरच्छेद झाला.

वायू सापडला, पण तो आजाऱ्याच्या नाकापर्यंत पोचवायचा कसा? ब्रिस्टल शहरी डॉ. बेडोज यांनी १७९९ साली वायूंनी रोग बरे करण्याची संस्थाच काढली. तिच्यासाठी उपकरणे तयार केली वाफेच्या यंत्राच्या जेम्स वॉटने. त्याची मुलगी क्षयाने गेली होती. बापाने त्या दुःखाला असे कामाला लावले. संस्थेचा उपाय काही फळला नाही. त्यानंतर शंभरएक वर्षे प्राणवायू ही थोडी डॉक्टरांची, थोडी भोंदूंची वस्तू होऊन राहिली. डॉक्टरही तो द्यायचे म्हणजे रोग्याच्या तोंडापुढे एक नरसाळे धरायचे. निम्म्याहून अधिक वायू खोलीत जाई, आणि मग "उपयोग होत नाही" असे म्हटले जाई.

हे बदलले ते पहिल्या महायुद्धात. १९१५ साली जर्मनांनी रणभूमीवर विषारी क्लोरीन सोडला. जे. एस. हॉल्डेन या ब्रिटिश शास्त्रज्ञाला तपासासाठी फ्रान्सला धाडण्यात आले. प्राणवायू मोजून, नीट बसणाऱ्या मुखवट्यातून आणि सलग दिला तरच गुण येतो हे त्याने सांगितले. त्यावरचा त्याचा लेख १९१७ सालचा. याच हॉल्डेनचा मुलगा जे. बी. एस. हॉल्डेन १९५७ साली भारतात येऊन राहिला, भारताचा नागरिक झाला आणि १९६४ साली भुवनेश्वरला वारला. लहानपणी बापाच्या वायूंच्या प्रयोगांत तो मदतनीस असे.

"मोजून" हा त्यातला कळीचा शब्द. आमच्याकडे समाचाराला आलेल्या एका दूरच्या मामंजींनी सासूबाईंच्या यंत्रावरचा आकडा पाहिला आणि म्हणाले, "दोनच? वाढवा की जरा. फुकटची हवा तर आहे!" त्यांचा हात काट्याकडे गेला होता. मी तो मधेच अडवला, सासरच्या वडीलधाऱ्या माणसाचा हात अडवणे शिष्टसंमत नसतानाही. कारण असे की, सासूबाईंच्या प्रकारच्या काही रुग्णांना प्राणवायू गरजेपेक्षा अधिक मिळाला तर शरीरात कर्बवायू साठू लागतो, गुंगी येते आणि प्रसंगी शुद्ध हरपते. बोटावरच्या यंत्रात तुमचे-आमचे पंच्याण्णवच्या वर असावे. सासूबाईंसाठी डॉक्टरांनी अठ्ठ्याऐंशी ते ब्याण्णव एवढेच मागितले आहे. त्र्याण्णव दिसले म्हणून आमच्याकडे पेढे वाटत नाहीत.

अतिरेकाने काय होते याचा एक फार हृदयद्रावक दाखला आहे. १९४० नंतरच्या दहा-बारा वर्षांत पाश्चात्य देशांतल्या उत्तमोत्तम इस्पितळांत अकाली जन्मलेल्या बाळांना काचपेटीत ठेवून मुक्तहस्ते प्राणवायू देत. बाळे जगत, पण त्यांतली कितीतरी आंधळी होत. हा आकडा सुमारे दहा हजारांचा सांगतात. गरीब इस्पितळांत, जिथे प्राणवायू जपून वापरीत, तिथे मात्र हा प्रकार कमी. मेलबर्नच्या डॉ. केट कॅम्पबेल यांनी १९५१ साली याकडे बोट दाखवले आणि पुढच्या तीनेक वर्षांत अमेरिकेतल्या तपासणीने त्यावर शिक्कामोर्तब झाले. आईबापांच्या डोळ्यांदेखत, केवळ चांगल्या हेतूने, केवढा हा अनर्थ!

बोटावरच्या त्या चिमट्याचा उल्लेख आलाच आहे. तो ताकुओ आओयागी या जपानी अभियंत्याच्या डोक्यातून निघाला. तांबड्या आणि डोळ्यांना न दिसणाऱ्या अवरक्त प्रकाशाचे किरण बोटातून आरपार पाठवायचे. प्राणवायूने भरलेले रक्त आणि रिते रक्त हे किरण निरनिराळ्या प्रमाणात शोषतात. नाडीच्या ठोक्याबरोबर जो फरक पडतो तेवढाच मोजायचा. ही युक्ती त्याला १९७२ च्या सुमारास सुचली. घराघरांतून लोक आपापली बोटे त्या चिमट्यात घालू लागले ते २०२० साली, आणि त्याच वर्षाच्या एप्रिलमध्ये आओयागी टोकिओत निवर्तला.

आता प्राणवायू येतो कुठून ते पाहू. हवेत तो शेकडा एकवीस, नत्रवायू अठ्ठ्याहत्तर. हवा अतिशय थंड करीत नेली की तिचे पाणी होते. जर्मनीच्या कार्ल फॉन लिंडेने १८९५ साली हे मोठ्या प्रमाणावर करून दाखवले. मग ते द्रव हळूहळू उकळू द्यायचे. नत्र शून्याखाली १९६ अंशांवर उकळून आधी निघून जातो, प्राणवायू शून्याखाली १८३ अंशांपर्यंत मागे राहतो. गुलाबपाण्याच्या भट्टीचेच हे तत्त्व, फक्त भयंकर थंडीतले. असे एक लिटर द्रव मोकळे सोडले की साडेआठशे लिटरांच्या आसपास वायू होतो. मोठ्या इस्पितळाच्या आवारात कोपऱ्यात एक पांढरी, उभी, कुंपण घातलेली टाकी दिसते आणि शेजारच्या नळ्यांवर भर उन्हाळ्यात बर्फ साचलेला असतो, तो याच द्रवाचा वायू होत असताना. तिथून तांब्याच्या नळीने तो भिंतीभिंतीतून खाटेच्या उशाशी येतो.

हे द्रव बनवणारे मोठमोठे कारखाने मुख्यतः पोलाद गिरण्यांच्या संगतीला असतात. पोलाद शुद्ध करायला प्राणवायूचे लोट लागतात. खाटेवरच्या माणसाचे नाक आणि पोलादाची भट्टी ही एकाच नळाची दोन टोके आहेत, हे मला तरी २०२१ च्या एप्रिलपर्यंत कोणी सांगितले नव्हते. त्या महिन्यात साऱ्या महाराष्ट्राला ते कळले. १७ एप्रिलच्या रात्री मुंबईत महापालिकेने प्राणवायू कमी पडू लागलेल्या सहा इस्पितळांतून १६८ रुग्ण दुसरीकडे हलवले. २१ एप्रिलला नाशिकच्या डॉ. झाकीर हुसेन रुग्णालयात टाकीला गळती लागली. आवारात पांढऱ्या धुक्याचे लोट उठले, आत नळीतला दाब उतरला, आणि किमान बावीस माणसे गेली. थोडा वेळच, पण दाब नव्हता.

त्याच आठवड्यात कळंबोलीहून रिकामे टँकर लादलेली एक मालगाडी विशाखापट्टणच्या पोलाद कारखान्याकडे निघाली होती. १९ एप्रिलला सुटली. आपल्या घाटांतल्या बोगद्यांतून एवढ्या उंचीचे टँकर सरळ जाईनात, म्हणून ती वसई, सुरत, भुसावळ असा वळसा घेत गेली. द्रव भरून परतली, २३ तारखेला रात्री नागपूरला तीन टँकर उतरवले, दुसऱ्या दिवशी उरलेले चार नाशिकला. भारतातली ही पहिली ऑक्सिजन एक्सप्रेस. आतले द्रव हिंदकळू नये म्हणून अशा गाडीला एकदम वेग घेता येत नाही आणि एकदम थांबताही येत नाही. आम्ही शाळेत आगगाडीची गणिते सोडवली, त्यांत असली गाडी कधी आली नव्हती.

त्या काळात आमच्या सोसायटीत तिसऱ्या मजल्यावरच्या एका गृहस्थांसाठी त्यांचा मुलगा स्कूटरवरून दोन दिवस सिलिंडर शोधत हिंडला. मिळाला तेव्हा त्याला लावायचे घड्याळ, म्हणजे फ्लोमीटर, मिळेना. तोही शेवटी मिळाला. गृहस्थ आज खाली बाकावर बसून पेपर वाचतात. सगळ्यांचे असे झाले नाही.

दूरदृष्टीचेही दाखले आहेत, आणि ते सांगायलाच हवेत. नंदुरबार हा आपला दूरचा आदिवासी जिल्हा. तिथले तेव्हाचे जिल्हाधिकारी डॉ. राजेंद्र भारूड स्वतः वैद्यक शिकलेले. पहिली लाट ओसरत असताना, २०२० सालीच, त्यांनी हवेतून जागच्या जागी प्राणवायू काढणारे संयंत्र बसवून घेतले आणि पुढे आणखी बसवले. दुसरी लाट आली तेव्हा नंदुरबारला दुसऱ्याच्या टँकरची वाट पाहावी लागली नाही.

नंदुरबारचे ते मोठे संयंत्र आणि आमच्या दिवाणखान्यातला बिऱ्हाडकरू ही एकाच कुळातली थोरली-धाकटी भावंडे. यात थंडी नाही, द्रव नाही. यंत्र खोलीतली हवा ओढते, जाळीतून धूळ गाळते आणि दाबून एका नळकांड्यात कोंबते. त्यात झिओलाइट नावाच्या खनिजाचे बारीक मणी असतात. दाब असेतो ते नत्रवायूला धरून ठेवतात आणि प्राणवायू पुढे जातो. दाब सोडला की नत्र फुस्स करून बाहेर पडतो. तोवर दुसरे नळकांडे कामाला लागलेले असते. निघतो तो शेकडा नव्वद ते पंच्याण्णव शुद्धीचा प्राणवायू. झिओलाइट म्हणजे उकळणारा दगड. स्वीडनच्या क्रोनस्टेटने १७५६ साली तो तापवला तेव्हा त्यातून वाफ फसफसत निघाली, म्हणून हे ग्रीक नाव. यंत्रातले मणी कारखान्यात बनवलेले असतात. पण नैसर्गिक झिओलाइटचे जगातले अप्रतिम स्फटिक कुठे मिळतात, माहीत आहे? आपल्या सह्याद्रीच्या काळ्या पाषाणात. पुणे, नाशिक, जळगावकडच्या खाणींत सुरुंग लावला की दगडाच्या पोटात पांढरी, गुलाबी फुले फुललेली दिसतात. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात ती मांडून ठेवली आहेत. हे सासूबाईंना सांगितले तेव्हा त्या म्हणाल्या, "म्हणजे आपल्याकडचाच आहे म्हणायचा." तेव्हापासून यंत्राशी त्या थोड्या बऱ्या वागतात.

यंत्र घेताना लक्षात ठेवायच्या चार गोष्टी सांगते. विकतच घेतले पाहिजे असे नाही. चाकाची खुर्ची, पाण्याची गादी, वॉकर यांबरोबर ही यंत्रे अनामत घेऊन भाड्याने देणारी रुग्णसाहित्य केंद्रे आपल्या बहुतेक शहरांत आहेत. आमचे तिथलेच. पाच लिटरच्या यंत्राला चार-पाच पंख्यांएवढी वीज लागते. जाळी दर आठवड्याला धुवावी. पाण्याच्या बाटलीत शुद्ध केलेले पाणीच, दोन रेघांच्या मध्ये, आणि रोज बदलून. यंत्र भिंतीला चिकटवून ठेवू नये, त्याचाही श्वास कोंडतो.

वीज गेली म्हणजे? त्यासाठी गॅलरीच्या दाराशी काळ्या अंगाचा आणि पांढऱ्या खांद्यांचा मोठा सिलिंडर साखळीने बांधून ठेवला आहे. दुकानातला मुलगा तो बुडाच्या कडेवर तिरपा करून भोवऱ्यासारखा फिरवीत आणतो. पाहणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. त्यात सात हजार लिटर वायू दाबून भरलेला असतो. मिनिटाला दोन लिटरांनी तो अठ्ठावन्न तास पुरतो. त्या सात हजार लिटर वायूचे वजन भरते जेमतेम नऊ किलो, बाकी सगळे वजन लोखंडाचे. "आजी, याला तेलाचा हात लावायचा नाही हां," तो मुलगा प्रत्येक वेळी बजावतो. आणि ते खरे आहे. दाबाखालचा प्राणवायू आणि तेल यांची गाठ पडली तर भडका उडू शकतो. चावी घट्ट बसली म्हणून खोबरेल सोडण्याची आपली घरगुती विद्या इथे चालत नाही. नाक कोरडे पडले म्हणून व्हॅसलीनही लावायचे नाही.

खरा पेच पडला तो देवघराचा. प्राणवायू स्वतः जळत नाही, पण जळणाऱ्याला असा काही जोर देतो की ठिणगीची ज्वाळा होते. नळी लावलेल्या माणसाजवळ निरांजन, उदबत्ती, गॅसची शेगडी, काही नको. आणि सासूबाईंची सांजवात साठ वर्षे चुकलेली नाही. माझ्या यजमानांनी विजेची पणती आणली. सासूबाईंनी ती उलटसुलट करून पाहिली आणि नातवाला खेळायला दिली. दोन दिवस त्या कोणाशी धड बोलल्या नाहीत. शेवटी डॉक्टरांनाच विचारले. ते म्हणाले, "नळी काढा, मशीन बंद करा, वीस-पंचवीस मिनिटं गॅलरीत मोकळ्या हवेत बसा. लुगड्यात साठलेला प्राणवायू निघून जाईल. मग खुशाल दिवा लावा." नऊ तासांतला एक तास असा देवाला गेला.

बाकीचे आठ त्या कशा खर्चतात हे पाहणे ही मला एक शिकवणी आहे. आंघोळीला नळी काढतील असे वाटले होते, तर नाही. तिथे दम लागतो म्हणून लांब नळी दारातून आत घेतात. जेवताना ठेवतात, झोपेत ठेवतात. संध्याकाळी पाच ते सात मात्र नळी खुंटीवर. त्या वेळी खालच्या बाकावरच्या बायका वर येतात आणि त्यांच्यासमोर नाकात नळी घेऊन बसायचे नाही. मी एकदा म्हटले, "आई, चष्म्याची लाज वाटते का? तसंच हे." त्या म्हणाल्या, "चष्मा लावलेल्या बाईकडे बघून कुणी डोळ्याला पदर लावत नाही." यावर मला उत्तर सुचले नाही.

मागच्या महिन्यात मात्र गंमत झाली. बाकावरच्या एक काकू पाचऐवजी चारलाच आल्या. सासूबाई नळीसकट शेंगा सोलत बसलेल्या. काकू क्षणभर दारात थबकल्या, मग आत येऊन समोर बसल्या आणि म्हणाल्या, "आमच्या ह्यांनाही डॉक्टरांनी हेच सांगितलंय. ते तयार होत नाहीत. मला जरा कसं चालवायचं ते दाखवता?" सासूबाईंनी शेंगांची परात बाजूला सारली आणि तासभर त्यांना सगळे समजावून सांगितले : जाळी कुठली, पाण्याची रेघ कुठली, काटा कोणी कोणी हलवायचा नाही. झिओलाइटचाही उल्लेख झाला. तो कोकणातल्या दगडात सापडतो असे त्यांनी ठोकून दिले.

आता भाऊबीज जवळ आली आहे. सासूबाईंचे माहेर साताऱ्याचे. धाकटे भाऊ तिथे असतात, त्यांचीही पंचाहत्तरी झाली. तीन वर्षे ते इकडे येत. यंदा त्यांच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झाली आहे. तेव्हा यांनीच जायचे ठरवले आहे. लहान सिलिंडरमध्ये दीड हजार लिटर बसतो. मिनिटाला दोनप्रमाणे साडेबारा तास. पुण्याहून सातारा, खंबाटकीच्या घाटात गाड्या अडल्या तरी चार तासांच्या आत. म्हणजे एका सिलिंडरात जाऊन-येऊन भागेल. तरी दुसरा बरोबर घ्यायचा, दोन्ही पट्ट्याने नीट बांधून आणि गाडीच्या काचा थोड्या उघड्या ठेवून. रात्रीसाठी यंत्र मागच्या डिकीत. डॉक्टरांची परवानगी मिळाली आहे. औक्षणाचा अर्धा तास आणि त्याआधीचा गॅलरीतला वेळ सासूबाईंनी त्या दिवसाच्या नऊ तासांतून वेगळा काढून ठेवला आहे. काल त्या फोनवर भावाला सांगत होत्या, "मशीन माजघरात राहील. पाट पुढच्या खोलीत मांड, खिडकीपाशी. आणि हे बघ, त्या दिवशी माझ्यासमोर कुणी रडायचं नाही."